इराणातील अग्नी आणि क्रूस

आपल्या स्मरणिकेत कार्यवृत्त, कविता आणि पाककृती यांच्या जोडीला इतिहासावरचा एखादा लेख असावा, असा चिटणीसबाईंचा दरवर्षी आग्रह असतो. यंदाचा विषय मला आपल्या वाचनवर्गातच मिळाला. नाताळच्या दिवसांत तेथे येशूच्या जन्माची कथा वाचली गेली. आकाशातला तारा पाहत पूर्वेकडून काही ‘मागी’ लोक येतात आणि बाळापुढे सोने, ऊद व गंधरस ठेवतात, हा भाग आला तेव्हा एका भगिनीने विचारले, “हे मागी म्हणजे कोण हो?” मी सांगितले, “पारशी मोबेदांचे जुने भाईबंद.” सगळ्याजणी हसल्या. पारशी आणि बेथलेहेम यांची सांगड कोणालाच खरी वाटेना. म्हणून हा लेख.

मत्तयाच्या शुभवर्तमानात दुसऱ्या अध्यायात ही कथा आहे. मूळ ग्रीक शब्द ‘मागोस’. तो आला प्राचीन इराणी ‘मगु’ या शब्दावरून, आणि मगु म्हणजे इराणातील पुरोहित. पारशी लोक आज ज्याला मोबेद म्हणतात, तो शब्दही याच मुळातून निघाला आहे. ते तिघे होते किंवा राजे होते असे मत्तय कोठेही म्हणत नाही. भेटी तीन, म्हणून माणसे तीन, असे पुढच्या लोकांनी ठरवले. ते खरोखर आले होते काय, हा ज्याच्या त्याच्या श्रद्धेचा प्रश्न आहे. परंतु जुन्या ख्रिस्ती चित्रकारांनी त्यांना काढताना टोकदार टोपी, आखूड अंगरखा आणि तुमान असा पौर्वात्य वेष दिला, ही गोष्ट डोळ्यांनी पाहता येते. इटलीतील रावेन्ना येथे सहाव्या शतकातील एका चर्चच्या भिंतीवर रंगीत काचखड्यांच्या चित्रात ते तिघे तसेच लगबगीने चाललेले दिसतात.

या दोन धर्मांच्या विचारांतही पुष्कळ साम्ये आहेत. मरणानंतर आत्म्याचा न्याय, स्वर्ग आणि नरक, जगाच्या अखेरीस मेलेल्यांचे पुनरुत्थान, पुढे येणारा तारणहार या कल्पना दोन्हीकडे आढळतात. जरथुष्ट्री परंपरेत त्या तारणहाराला सओश्यंत म्हणतात, आणि सरोवरात स्नान करणाऱ्या कुमारिकेच्या पोटी तो जन्मेल असे सांगतात. इराणच्या कुरुश राजाने इ. स. पूर्व ५३९ मध्ये बाबिलोन जिंकले आणि तेथे बंदीत असलेल्या यहुदी लोकांना मायदेशी जाण्याची मोकळीक दिली. तेव्हापासून दोन शतके यहुदी इराणी सत्तेखाली राहिले. त्या काळात या कल्पना त्यांच्याकडे आणि त्यांच्याकडून पुढे ख्रिस्ती धर्मात गेल्या, असे कित्येक पंडित म्हणतात. कित्येक नाही म्हणतात. या कल्पना ज्यात विस्ताराने सांगितल्या आहेत ते पहलवी ग्रंथ आज ज्या रूपात मिळतात ते रूप बरेचसे नवव्या शतकातले, तेव्हा कोणी कोणाचे घेतले हे ठामपणे सांगणे कठीण. एक शब्द मात्र निश्चित इराणी आहे. कुंपण घातलेल्या बागेला अवेस्तेच्या भाषेत ‘पइरिदएझ’ म्हणत. तोच ग्रीकांनी उचलला, आणि क्रूसावर खिळलेला येशू शेजारच्या अपराध्याला जे सुखधाम देऊ करतो, त्यासाठी लूकच्या शुभवर्तमानात तोच शब्द आला आहे. इंग्रजीतला ‘पॅराडाइज’ तो हाच.

पण मला विचारांच्या देवघेवीपेक्षा माणसांची देवघेव अधिक महत्त्वाची वाटते. पारशी आणि ख्रिस्ती यांची गाठ पडली असे म्हटले की आपल्याकडे १८३९ सालचे मुंबईचे प्रकरण सांगितले जाते. स्कॉटलंडचे मिशनरी डॉ. जॉन विल्सन हे १८२९ मध्ये मुंबईस आले. त्यांच्या पत्नी मार्गारेट यांनी मराठी शिकून मुलींच्या शाळा काढल्या. १८३५ मध्ये त्या वारल्या. विल्सनसाहेबांच्या शाळेत पारशी मुलेही शिकत. त्यांपैकी धनजीभाई नवरोजी आणि होरमसजी पेस्तनजी या दोघांनी १८३९ च्या मे महिन्यात बाप्तिस्मा घेतला. धनजीभाई तेव्हा सोळा-सतरा वर्षांचे होते. शहरात हलकल्लोळ उडाला. मुलाला आमच्या हवाली करा, म्हणून प्रकरण सुप्रीम कोर्टात गेले. कोर्टाने मुलाला त्याच्या मर्जीने जाऊ दिले आणि तो पाद्रीसाहेबांकडे गेला. पारशी मुले शाळेतून भराभर काढून घेण्यात आली. १८४३ मध्ये विल्सन यांनी पारशी धर्मावर टीका करणारा जाडजूड ग्रंथ प्रसिद्ध केला. पारशी विद्वानांनीही आपल्या धर्माच्या समर्थनार्थ पुस्तके लिहिली.

या तंट्यातून काही चांगलेही निघाले. आपल्या मुलांना आपणच शिकवले पाहिजे, ही जाणीव पारशी समाजाला झाली. १८४९ मध्ये सर जमशेटजी जीजीभाई यांच्या नावाची शिक्षणसंस्था उभी राहिली. त्याच वर्षी दादाभाई नवरोजी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईत मराठी व पारशी मुलींसाठी शाळा सुरू केल्या. १८५१ मध्ये धर्मसुधारणेसाठी रहनुमाई माझदयस्नान सभा निघाली. पुढे पुण्याच्या कॉलेजात संस्कृत शिकवणारे जर्मन पंडित मार्टिन हाउग यांनी १८६२ मध्ये गाथांवर निबंध लिहून जरथुष्ट्राचा मूळ उपदेश एकेश्वरी आहे असे प्रतिपादन केले, तेव्हा मिशनऱ्यांना उत्तर देण्यास पारशांना मोठाच आधार सापडला.

आणि एक मुलगीही या कथेत आहे. सोराबजी खरशेदजी हे पारशी गृहस्थ तरुणपणी ख्रिस्ती झाले. त्यांची कन्या कॉर्नेलिया १८६६ मध्ये नाशिकला जन्मली, पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकली, मुंबई विद्यापीठाची पहिली स्त्री-पदवीधर झाली आणि १८८९ मध्ये ऑक्सफर्डला गेली. १८९२ मध्ये तिने तेथे कायद्याची परीक्षा दिली. पण स्त्रियांना पदवी देण्याची तेव्हा तेथे रीत नव्हती, म्हणून पदवी हाती पडायला तीस वर्षे जावी लागली. बंगालमध्ये पडद्यात राहणाऱ्या जमीनदार स्त्रियांच्या मालमत्तेचे रक्षण करण्यात तिने उमेद घालवली. ती ख्रिस्ती होती, पण पारशीपण तिने कधी सोडले नाही. साडी ती पारशी पद्धतीनेच नेसे.

मुंबईची ही हकीकत ऐकली की वाटते, एकाने दुसऱ्याची मुले ओढावी आणि दुसऱ्याने ती राखावी, एवढाच या दोन धर्मांचा संबंध. पण विल्सनसाहेबांच्या आधी पंधराशे वर्षे हे दोन धर्म एका राज्यात, एका गावात, कधी एका घरात नांदले होते. ते राज्य म्हणजे इराणातील सासानी घराण्याचे. त्या चार शतकांचा इतिहास मी जसजशी वाचत गेले, तसतसे मला वाटू लागले की यांचे वैर धर्मग्रंथांनी लावले त्यापेक्षा सरहद्दीने अधिक लावले. पुढची हकीकत वाचून भगिनींनीच ठरवावे.

सासानी राज्याची स्थापना २२४ मध्ये झाली. जरथुष्ट्री धर्म हा राजधर्म. राजधानी तैग्रिस नदीकाठी टेसिफोन येथे, म्हणजे आजच्या बगदादजवळ. या राज्यात ख्रिस्ती वस्ती आधीपासून थोडी होतीच, ती वाढली ती मात्र युद्धामुळे. दुसरा राजा पहिला शापूर याने रोमन मुलखावर स्वाऱ्या केल्या, २६० मध्ये रोमचा बादशहा व्हॅलेरियन याला जिवंत पकडले आणि अंतिओखिया वगैरे शहरांतील हजारो माणसे बंदिवान करून आपल्या राज्यात वसवली. त्यांत कारागीर, विणकर होते, तसे ख्रिस्तीही होते. त्यांनी इराणातच संसार मांडले. पुढे करतीर नावाच्या बलाढ्य मोबेदाने एका शिलालेखात आपली कर्तबगारी कोरून ठेवली. कोणकोणत्या परधर्मीयांना आपण तडाखे दिले त्याची यादी त्यात आहे. यहुदी, बौद्ध, ख्रिस्ती यांच्याबरोबर त्या यादीत ब्राह्मणांचेही नाव वाचून मला गंमत वाटली.

खरे संकट यायला आणखी काही वर्षे लागली. रोममध्ये ख्रिस्ती लोकांचा छळ होत होता तोवर इराणच्या राजांना त्यांची भीती वाटण्याचे कारण नव्हते. शत्रूचा शत्रू तो आपला. पण कॉन्स्टंटाइन बादशहाने तो धर्म जवळ केला आणि पारडे फिरले. त्याने दुसऱ्या शापूरला पत्र पाठवून तुमच्या राज्यातील ख्रिस्ती लोकांचा नीट सांभाळ करा असे लिहिले. हेतू चांगला असेल. पण परक्या राजाने आपल्या प्रजेची काळजी वाहावी याचा अर्थ कोणता राजा चांगला घेईल? कॉन्स्टंटाइन ३३७ मध्ये वारला, युद्ध पेटले. ३४० नंतरच्या काही वर्षांत शापूरने युद्धखर्चासाठी ख्रिस्ती लोकांवर दुप्पट कर बसवला आणि तो गोळा करण्याचे काम राजधानीचा मुख्य धर्माध्यक्ष शिमोन याच्यावर टाकले. माझे लोक गरीब आहेत, हे माझे काम नव्हे, असे त्याने कळवले. हे लोक राहतात आपल्या मुलखात आणि जीव लावतात कैसरला, असा राजाचा ग्रह झाला. शिमोन आणि त्याचे सोबती ठार मारले गेले.

शिमोनला तरबो नावाची बहीण होती. ती अविवाहित, धर्मकार्याला वाहून घेतलेली. राणी आजारी पडली तेव्हा भावाचा सूड म्हणून तरबोने तिच्यावर चेटूक केले असा आळ आला. सुरियानी भाषेतील हुतात्म्यांच्या चरित्रांत असे सांगितले आहे की ती फार देखणी होती, आणि चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्यांनी प्रत्येकाने गुपचूप निरोप पाठवला की माझ्याशी लग्न कर, सोडवतो. ती कबूल झाली नाही. तिला व तिच्या सोबतच्या स्त्रियांना करवतीने चिरून मारले. ही हकीकत एकाच बाजूने लिहिलेली आहे, तेव्हा तीतले सगळेच तपशील मी जसेच्या तसे धरत नाही. परंतु एकट्या बाईवर चेटकाचा आळ घ्यायचा आणि सुटकेची किंमत म्हणून लग्न मागायचे, हे कोणत्याही काळात घडू शकते, हे काय आपल्याला ठाऊक नाही? पाचव्या शतकातला इतिहासकार सोझोमेन म्हणतो की या छळात मेलेल्यांपैकी ज्यांची नावे ठाऊक आहेत तेच १६,००० होते. आकडा फुगवलेला असेल. भीती मात्र खरी होती.

हाच इतिहास ३९९ मध्ये अगदी उलटा फिरला. पहिला यझ्दगर्द गादीवर आला. त्याला रोमशी भांडण नको होते. रोमकडून वकील म्हणून आलेला मारूथा हा ख्रिस्ती धर्माध्यक्ष वैद्यकी जाणणारा होता. त्याने राजाची डोकेदुखी बरी केली, असे सांगतात. राजाच्या परवानगीने ४१० मध्ये इराणातील सर्व ख्रिस्ती धर्माध्यक्षांची सभा टेसिफोनजवळ सेलुकिया येथे भरली आणि त्यांच्या धर्मसंस्थेला राजमान्यता मिळाली. राजाची राणी शुशानदुख्त ही तर यहुदी होती, असे एका पहलवी पुस्तकात म्हटले आहे. अशा राजाचे मोबेदांशी कसे जमावे? इराणी बखरींनी त्याला ‘पापी यझ्दगर्द’ म्हणूनच ओळखले, आणि ख्रिस्ती लेखकांनी त्याला धन्य म्हटले. एकाच माणसाची ही दोन नावे!

अखेरीस त्याच्या कारकिर्दीतही ठिणगी पडली. खुजिस्तानातील एका गावी चर्चला लागून अग्निमंदिर होते. तेथील ख्रिस्ती पुरोहितांनी ते पाडले. त्यांचा धर्माध्यक्ष अब्दा हा होता. राजाने त्याला बोलावून अगोदर शांतपणे सांगितले, मंदिर पुन्हा बांधून द्या. अब्दाने नकार दिला आणि प्राण गमावला. छळ पुन्हा सुरू झाला. या प्रसंगावर रोमन मुलखातील थिओडोरेट नावाच्या धर्माध्यक्षाने दिलेला अभिप्राय मला फार मोलाचा वाटतो. तो म्हणतो की मंदिर पाडले हे अब्दाचे चुकलेच. पण परधर्माची वेदी स्वतः बांधून देण्यापेक्षा त्याने मरण पत्करले याचे आपल्याला कौतुक वाटते. स्वतःच्या माणसाची चूक इतक्या उघडपणे लिहिणारा धर्मगुरू त्या काळात विरळा.

यझ्दगर्दनंतर ४२१ मध्ये रोम आणि इराण यांचे युद्ध झाले. त्यात रोमन सैन्याने ७,००० इराणी सैनिक कैद केले आणि ते अन्नावाचून मरू लागले. त्यांना खंडणीवाचून सोडीनात. तेव्हा अमिदा शहराचा धर्माध्यक्ष अकाकियस याने आपल्या पुरोहितांना सांगितले की देवाला ताटे-वाट्या लागत नाहीत, तो खातपीत नाही. चर्चमधील सोन्याचांदीची भांडी त्याने वितळवली, खंडणी भरली, त्या अग्निपूजक कैद्यांना जेवू घातले आणि वाटखर्ची देऊन घरी पाठवले. ही हकीकत सॉक्रेटिस नावाच्या चर्चच्या इतिहासकाराने लिहून ठेवली आहे. इराणचा राजा चकित झाला, असे तो म्हणतो. ४२२ मध्ये तह झाला. त्यानंतर दोनच वर्षांनी इराणातील ख्रिस्ती धर्मसभेने ठरवले की आमच्या मुख्य धर्माध्यक्षाविरुद्धची गाऱ्हाणी पश्चिमेकडच्या गुरूंकडे न्यायची नाहीत. आम्ही रोमचे नव्हेत, हे राजाला दाखवण्याचा याहून शहाणपणाचा मार्ग कोणता असणार?

आर्मेनियाची हकीकत थोडक्यात सांगते. तो देश आधी इराणी देवतांना मानणारा, चौथ्या शतकात ख्रिस्ती झालेला. दुसऱ्या यझ्दगर्दने त्याला परत जुन्या धर्मात आणण्याचा हुकूम काढला. ४५१ मध्ये आवारायर येथे लढाई झाली, आर्मेनियन सेनापती वर्दान पडला. पण लोक बधले नाहीत आणि ४८४ च्या तहाने त्यांना धर्माचे स्वातंत्र्य मिळाले.

राजांची भांडणे अशी. मग साध्या लोकांचे कशावरून बिनसत होते? भगिनींना नवल वाटेल, पण वाद बहुधा घरातल्या गोष्टींवरून होत. पहिली गोष्ट लग्न. जरथुष्ट्री धर्मात संसार करणे, मुले वाढवणे, शेत पिकवणे हे पुण्यकर्म. आजन्म अविवाहित राहणारे पुरुष आणि स्त्रिया त्यांना विपरीत वाटत. राजाला सैनिक आणि कर कोठून मिळणार, असेही ते विचारीत. इराणातील ख्रिस्ती धर्मसभेने ४८६ मध्ये आपल्या पुरोहितांना विवाहाची मोकळीक दिली, त्यामागे या वातावरणाचाही भाग होता असे मला वाटते. उलट प्राचीन इराणात जवळच्या नात्यातील विवाह चालत. मार आबा हा जरथुष्ट्री घरात जन्मून ख्रिस्ती झालेला विद्वान ५४० मध्ये मुख्य धर्माध्यक्ष झाला, आणि आपल्या लोकांत असे विवाह त्याने सक्तीने बंद केले. मोबेद संतापले. खुस्रो अनुशिरवान राजाने त्याला अझरबैजानात नेऊन ठेवले. मारले मात्र नाही.

दुसरी गोष्ट मृतदेह. पृथ्वी, पाणी आणि अग्नी पवित्र, म्हणून प्रेत जमिनीत पुरू नये हा जरथुष्ट्री नियम. ख्रिस्ती माणसाला पुनरुत्थानासाठी मातीतच विसावायचे असते. दोघांनाही आपले माणूस नीट पोचवायचे होते. परंतु एकाचे पुण्य ते दुसऱ्याच्या दृष्टीने विटाळ. ५६२ च्या सुमारास खुस्रो आणि रोमचा जस्टिनियन यांच्यात पन्नास वर्षांचा तह झाला तेव्हा त्याच्या जोडकलमांत हे स्पष्ट लिहावे लागले: इराणातील ख्रिस्ती लोकांनी चर्च बांधावे, आपले मृत पुरावे, मात्र जरथुष्ट्री लोकांना आपल्या धर्मात ओढू नये. जन्माने ख्रिस्ती असलेल्याला मुभा, पण अग्नीची उपासना सोडणाऱ्याला देहदंड, असा तो कायदा होता. गोलिंदुख्त नावाची खानदानी इराणी स्त्री या कायद्यात सापडून किती वर्षे किल्ल्यात बंदीत राहिली होती.

खुस्रोचा मुलगा चौथा होर्मिझ्द याच्याकडे मोबेदांनी ख्रिस्ती लोकांचा बंदोबस्त करण्याची मागणी केली. त्याने दिलेले उत्तर तबरी या इतिहासकाराने नोंदले आहे. सिंहासन पुढच्या दोन पायांवर उभे राहत नाही, मागचे दोन पायही लागतात. परधर्मीय प्रजा दुखावून आमचे राज्य टिकणार नाही, असा त्याचा आशय आहे.

याच होर्मिझ्दची सून म्हणजे शिरीन. शिरीन-फरहादच्या नाटकांतून आणि बोलपटांतून ती आपल्याला ठाऊक आहे. ती ख्रिस्ती होती हे फारसे ठाऊक नसते. दुसरा खुस्रो, ज्याला परवेझ म्हणतात, याला ५९० मध्ये बंडामुळे पळावे लागले आणि रोमच्या मॉरिस बादशहाच्या मदतीने पुढच्या वर्षी गादी परत मिळाली. त्याने शिरीनशी विवाह केला. शिरीनला मूल व्हावे म्हणून या अग्निपूजक बादशहाने सिरियाच्या वाळवंटातील संत सर्जियसच्या स्थानाला नवस केला आणि दिवस राहिल्यावर तेथे मौल्यवान भेटी पाठवल्या. ख्रिस्ती राणी करणे आमच्या कायद्यात बसत नाही, तरी ही मला प्रिय आहे, अशा अर्थाचा मजकूर त्याने त्या भेटीसोबत पाठवला. तो ग्रीक इतिहासकारांनी जपला. दर्ग्याला चादर चढवणारी आणि मतमाउलीला मेणबत्ती लावणारी आपल्याकडची हिंदू घरे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना या नवसाचे नवल वाटणार नाही.

शिरीन नुसती लाडकी राणी नव्हती. तिने चर्च आणि मठ बांधवले, मुख्य धर्माध्यक्षाच्या निवडीत आपला माणूस पुढे केला. ती निवड राजाला रुचली नाही. तो माणूस ६०९ मध्ये वारल्यावर राजाने दुसरा नेमूच दिला नाही, आणि खुस्रो जिवंत असेपर्यंत ती जागा रिकामी राहिली. एवढ्यात रोमशी शेवटचे मोठे युद्ध जुंपले होते. ६१४ मध्ये इराणी सैन्याने यरुशलेम घेतले, भयंकर कत्तल झाली, आणि ज्यावर येशूला खिळले असे ख्रिस्ती लोक मानतात तो क्रूस टेसिफोनला नेण्यात आला. याच स्वारीची एक आख्यायिका आहे. सैनिक बेथलेहेमच्या चर्चपाशी आले आणि भिंतीवरील चित्रात आपल्यासारख्याच वेषातले मागी पाहून पूर्वजांच्या मानाखातर ती इमारत न मोडता निघून गेले. कथा नवव्या शतकातल्या एका पत्रात आढळते. खरी असो नसो, चर्च आजवर उभे आहे.

६२८ मध्ये खुस्रो मारला गेला. दोन वर्षांत क्रूस यरुशलेमला परत गेला. इराणच्या गादीवर त्याची मुलगी बोरान बसली. एका स्त्रीच्या हाती मोडकळीला आलेले राज्य आले, आणि रोमच्या हेराक्लियस बादशहाशी सलोखा करण्यासाठी तिने वकील म्हणून पाठवला तो आपल्या राज्यातील ख्रिस्ती मुख्य धर्माध्यक्ष दुसरा ईशोयाब. तो बादशहाला सिरियात अलेप्पो येथे भेटला. दोनशे नव्वद वर्षांपूर्वी ज्या पदावरच्या माणसाला रोमचा हस्तक म्हणून ठार केले, त्याच पदावरचा माणूस आता रोमकडे इराणचा विश्वासू म्हणून गेला! बोरानचे राज्य मात्र जेमतेम दीड वर्ष टिकले.

त्यानंतर अरब आले. शेवटचा बादशहा तिसरा यझ्दगर्द शहरामागून शहर सोडत पूर्वेला मर्वपर्यंत गेला. ६५१ मध्ये तेथे एका गिरणीत त्याचा खून झाला. प्रेत पाण्यात टाकलेले होते. तबरी सांगतो की मर्वच्या ख्रिस्ती धर्माध्यक्षाने आपल्या लोकांना गोळा केले आणि आठवण दिली की हा शिरीन राणीचा नातू, आणि याच्या वाडवडिलांनी आपल्याला मान दिला होता. त्यांनी देह बाहेर काढला, वस्त्रात गुंडाळला आणि आपल्या बागेत थडगे बांधून त्यात ठेवला. जरथुष्ट्री राजाला दखमा मिळाला नाही. पण खांदा द्यायला शेजारी आले.

पुढे इराणातील अग्निपूजक थोडे थोडे करून आपल्या पश्चिम किनाऱ्यावर आले, हे आपण जाणतोच. इराणातील ख्रिस्ती त्यांच्याही आधी या किनाऱ्यावर ये-जा करीत होते. सहाव्या शतकातला प्रवासी कॉस्मस लिहितो की ‘कल्लियाना’ येथे इराणहून नेमलेला धर्माध्यक्ष आहे. हे आपले कल्याण असावे असे बहुतेक मानतात. केरळात कोट्टयमला, चेन्नईजवळ सेंट थॉमस माउंटवर आणि २००१ मध्ये सापडलेल्या गोव्यातील आगशी येथे जे जुने दगडी क्रूस आहेत, त्यांच्यावरची अक्षरे ज्या पहलवी लिपीत आहेत, तीच पारशांच्या धर्मग्रंथांची लिपी.

केरळातील कोल्लम येथे ८४९ मध्ये तेथील अय्यन अडिगळ या सामंताने मार सपीर ईशो याने बांधलेल्या चर्चला जमीन व हक्क दिले आणि त्याचे ताम्रपट करवले. दान ख्रिस्ती देवळाला, देणारा हिंदू, आणि साक्षीदार समुद्रावरून आलेले व्यापारी. मुसलमानांनी अरबी लिपीत, यहुद्यांनी आपल्या लिपीत आणि इराणी लोकांनी पहलवीत सह्या केल्या आहेत. त्या पहलवी सह्यांत काही ख्रिस्ती आहेत आणि काही जरथुष्ट्री. ताम्रपट केरळातील चर्चच्या ताब्यात आजही जपून ठेवलेले आहेत.